काच, चुना आणि ऊन

वैशाखातल्या दुपारी पत्र्याच्या छपराखाली बसून ज्यांनी मुलांना पाढे शिकवले आहेत, त्यांना ऊन म्हणजे काय ते मी सांगायला नको. खिडकी उघडी ठेवावी तर झळ आत येते, मिटावी तर अंधार. उजेड हवा पण उष्मा नको, ही माणसाची मागणी तशी फार जुनी आहे. आज बाजारात काचेवर चिकटवायचे पारदर्शक पापुद्रे मिळतात, छपरावर द्यायचे पांढरे रंग मिळतात, आणि त्यांचे विक्रेते हे सारे काल-परवाच निघाल्यासारखे बोलतात. ते तसे नाही. या लेपांमागे अडीचशे वर्षांची खटपट आहे, आणि त्यातली काही आपल्या प्रयागच्या माळावर आणि रत्नागिरीच्या किनाऱ्यापर्यंत येऊन पोचते.

आधी चुन्याकडे पाहू. आपल्याकडे दिवाळीच्या तोंडावर घराला पांढरी देतात. कळीचा चुना विरवायचा, त्यात थोडा सरस, चिमूटभर नीळ, आणि कुंच्याने भिंतीवर दोन हात. पण बघा, आपण रंगवतो भिंत, आणि ऊन बसते छपरावर! मे महिन्यात आपल्याकडे सूर्य दुपारी जवळजवळ डोक्यावर असतो. महाराष्ट्रात बहुतेक गावांना मे महिन्यात एक दिवस असा येतो की भर दुपारी उभ्या काठीची सावली तिच्या पायाशीच विरून जाते. त्या दिवशी भिंतीला ऊन नुसते चाटून जाते, आणि छप्पर मात्र पुरता मारा खाते. सोलापूर-मराठवाड्याकडच्या जुन्या माळवदांवर पांढरी माती पसरलेली असे. ती पाणी अडवण्यासाठी, हे खरे. पण जाड मातीच्या त्या फिक्या थराखाली दुपार सुसह्य होई, हेही तितकेच खरे. पत्रा आला आणि तो थर गेला.

पांढरे थंड आणि काळे गरम, हे अनुभवाने सर्वांनाच ठाऊक होते. पण ते पडताळून पाहायची एक साधी युक्ती बेंजामिन फ्रँकलिन या अमेरिकन गृहस्थाने सांगितली. वीज आणि पतंग यांच्यामुळे प्रसिद्ध झालेला तोच हा फ्रँकलिन. १७६०-६१ च्या सुमारास मेरी स्टीव्हन्सन नावाच्या एका जिज्ञासू मुलीला लिहिलेल्या पत्रात तो सांगतो की, शिंप्याकडून त्याने निरनिराळ्या रंगांच्या लोकरी कापडाचे चौकोनी नमुने आणले: काळा, गडद निळा, फिका निळा, हिरवा, जांभळा, तांबडा, पिवळा, पांढरा. लख्ख उन्हाच्या सकाळी ते बर्फावर मांडून ठेवले. काही तासांनी पाहतो, तर काळा तुकडा बर्फ वितळवून इतका खोल गेलेला, की त्याच्यापर्यंत ऊनही पोचेना. गडद निळा त्याच्या खालोखाल. पांढरा जिथे ठेवला तिथेच. यावरून त्याने लगेच व्यवहार काढला: उष्ण देशांत सैनिकांना पांढरे कपडे द्यावेत, उन्हाळ्यात टोप्या पांढऱ्या असाव्यात, आणि फळझाडांमागच्या भिंती मात्र काळ्या कराव्यात, म्हणजे रात्रीही झाडांना ऊब मिळेल.

आपल्याकडे बर्फ नाही. पण शिक्षक मित्रांना हा प्रयोग दोन सारख्या डब्यांवर करता येईल. एका डब्याला बाहेरून काजळी फासा, दुसऱ्याला चुना द्या, दोहोंत सारखेच पाणी भरा आणि अर्धा-पाऊण तास उन्हात ठेवा. उष्णतामापक नसला तर मुलांना बोट बुडवून पाहू द्या. धड्यापेक्षा ते जास्त लक्षात राहील.

फ्रँकलिनने काय घडते ते दाखवले, पण उजेड आणि ऊब या एकच वस्तू की दोन, हा प्रश्न राहिलाच. त्याचे उत्तर शोधणारा माणूस मूळचा वाजंत्री! विल्यम हर्शेल हा जर्मनीतल्या हॅनोवरचा. वडील लष्करी बँडात, हाही तिथेच सनईच्या जातीचे ओबो नावाचे वाद्य वाजवी. १७५७ साली तो इंग्लंडला आला, बाथ गावी चर्चमध्ये ऑर्गन वाजवू लागला, शिकवण्या करू लागला. रात्री मात्र आरसे घासून दुर्बिणी करायचा नाद. बहीण कॅरोलाइन त्याला मदत करी. पुढे तिने स्वतःही धूमकेतू शोधले. १७८१ साली त्याला युरेनस हा ग्रह सापडला, आणि वाजंत्र्याचा राजाश्रित ज्योतिषी झाला.

हर्शेलला सूर्य पाहायचा होता. दुर्बिणीतून उघड्या डोळ्याने सूर्य पाहणे म्हणजे डोळा गमावणे. म्हणून तो निरनिराळ्या रंगांच्या गडद काचा लावून पाही. तेव्हा त्याच्या ध्यानात एक चमत्कारिक गोष्ट आली. काही काचांतून उजेड थोडा येई, पण डोळ्याला चटका बसे. काहींतून उजेड भरपूर, आणि ऊब जवळजवळ नाही. दुसरा कोणी असता तर बरी काच निवडून पुढे गेला असता. हा थांबला. रंगारंगांत उष्णता कमीजास्त वाटलेली असेल काय, असा प्रश्न त्याने स्वतःला विचारला.

१८०० साली, वयाच्या एकसष्टाव्या वर्षी, त्याने लोलकातून उन्हाचा पट्टा मेजावर पाडला. एका उष्णतामापकाची काळी केलेली गोळी त्या पट्ट्यात ठेवली, आणि तुलनेसाठी आणखी उष्णतामापक बाजूला सावलीत. जांभळ्यात पारा सुमारे २ अंश चढला, हिरव्यात ३ अंशांहून थोडा अधिक, तांबड्यात जवळजवळ ७. हे फॅरनहाइटचे अंश. म्हणजे तांबड्याकडे जावे तसे ऊन अधिक. मग त्याने गोळी तांबड्याच्याही पलीकडे सरकवली, जिथे डोळ्याला काहीच दिसत नव्हते, नुसते कोरे मेज. तिथे पारा सर्वांत जास्त चढला.

सूर्याकडून न दिसणारे किरण येतात, याचा हा पहिला पुरावा. आज आपण त्यांना अवरक्त किरण म्हणतो. जमिनीवर पोचणाऱ्या उन्हातली जवळजवळ निम्मी शक्ती या अदृश्य किरणांत असते. चाळीस टक्क्यांच्या थोडी वर दिसणाऱ्या उजेडात, आणि उरलेली थोडी पलीकडच्या अतिनील किरणांत. आपल्या विषयाचे सगळे मर्म या एका गोष्टीत आहे. उजेड आणि निम्मी उष्णता वेगवेगळ्या किरणांतून येत असतील, तर एकाला आत घेऊन दुसऱ्याला दारातच परत पाठवणे शक्य आहे. हर्शेलने स्वतः नाना काचा, नाना द्रव ऊन गाळण्यासाठी तपासून पाहिले. पाण्यात शाई मिसळून, ती गाळून, तिच्यातूनही सूर्य पाहिला आणि त्याला तो बर्फासारखा पांढरा दिसला.

जाता जाता एक सांगतो. याच हर्शेलने १८०१ मध्ये सूर्यावरचे डाग आणि इंग्लंडातले गव्हाचे भाव यांचा संबंध लावायचा प्रयत्न केला. डाग कमी असले की गहू महाग, असा त्याचा होरा. विद्वान हसले. सूर्याच्या पोटात वस्ती असावी असेही त्याला वाटे. थोर माणसांच्या पोतडीत रत्ने असतात तसे खडेही असतात.

आता पन्नास वर्षे पुढे जाऊ. १८५१ साली लंडनच्या हाइड पार्कात जगाचे प्रदर्शन भरले. इमारत सारी लोखंडाची आणि काचेची. तावदाने सुमारे तीन लाख. बांधणारा जोसेफ पॅक्स्टन हा शिकलेला स्थापत्यकार नव्हे, तर माळी होता. झाडांसाठी काचघरे बांधता बांधता त्याने माणसांसाठी बांधले. पण माळ्याला काचघराचा स्वभाव ठाऊक असतो. म्हणून छपरावर बाहेरून कापड ताणून उन्हाची धार मोडलेली होती. आपला कोहिनूर हिरा त्याच प्रदर्शनात मांडला होता, आणि तो काही तिथे नीट चमकेना, अशी लोकांची तक्रार होती.

काचघर का तापते? ऊन आत येते, माती आणि पाने तापतात, त्यांची ऊब हवेला लागते, आणि ती गरम हवा बाहेर जाऊ शकत नाही. कितीतरी वर्षे असे शिकवले जाई, की काच आतल्या उष्ण किरणांना अडवते म्हणूनच सारे होते. १९०९ साली अमेरिकेत रॉबर्ट वुड याने दोन लहान पेट्या केल्या. एकीवर काच आणि दुसरीवर सैंधवासारख्या मिठाची पारदर्शक वडी; हे मीठ उष्ण किरणांना अडवत नाही. दोन्ही पेट्या जवळजवळ सारख्याच तापल्या. तेव्हा मोठा दोष कोंडलेल्या हवेचा. युरोपातले माळी मात्र सिद्धान्ताची वाट पाहत बसले नव्हते. उन्हाळा आला की खडूची पूड पाण्यात कालवून ते काचेवर फासत. अंग जाळणारे ऊन परत जाई, झाडाला पुरेल एवढा उजेड आत उरे. काचेवरचा ऊन अडवणारा लेप म्हणून हा माळ्यांचा खडूच मला मूळपुरुष वाटतो.

पुढचे पाऊल पडले ते मात्र श्रीमंतांच्या बंगल्यांसाठी नव्हे, भट्टीवरच्या मजुरांसाठी. काचेच्या कारखान्यात तापलेल्या रसाकडे दिवसचे दिवस पाहणाऱ्या कामगारांना ऐन उमेदीत मोतीबिंदू होई. लंडनच्या रॉयल सोसायटीने या रोगाचा विचार करायला समिती नेमली, आणि सर विल्यम क्रुक्स १९०९ मध्ये कामाला लागले. वय सत्त्याहत्तर! निरनिराळ्या धातूंची भस्मे काचेच्या रसात घालून त्यांनी तीनशेहून अधिक मिश्रणे करून पाहिली. सेरियम घातले की अतिनील किरण अडतात, लोखंडाचे योग्य भस्म घातले की उष्ण किरण अडतात, असे करत करत डोळा राखणाऱ्या काचेचे नुस्खे त्यांनी १९१४ साली छापले. आपल्याकडे तळेगावला पैसा फंडाचा काच कारखाना १९०८ साली निघाला होता, आणि कराडजवळ ओगल्यांचा १९१६ साली. काच ओतणारे हात आपल्या गावातही होते, म्हणून ही गोष्ट आपल्याला परकी वाटू नये. पुढे क्रुक्सची काच चष्मेवाल्यांच्या दुकानात गेली आणि उन्हातून हिंडणाऱ्या हौशी लोकांच्या नाकावर बसली. जुन्या चष्मेवाल्यांच्या तोंडी ‘क्रुक्स’ हा शब्द होता, तो याच म्हाताऱ्याच्या नावाचा.

पण या काचेत एक उणीव आहे. ती ऊन पिते. जे पिते ते तापते, आणि तापलेली काच आपली ऊब थोडी बाहेर, थोडी आत सोडते. चष्म्याला ते चालते, खिडकीला नाही. खिडकीला पिणारी काच नको, परतवणारी हवी, म्हणजे आरसा हवा. आणि आरसा असूनही पलीकडचे दिसले पाहिजे. कसे जमावे?

जमले ते पुन्हा दुर्बिणीच्याच वाटेने. जर्मन रसायनज्ञ लीबिग याने काचेवर चांदीचा पातळ थर बसवण्याची रीत शोधली, आणि १८५७ च्या सुमारास फ्रान्समध्ये फूको याने तशा आरशांच्या दुर्बिणी केल्या. चांदी काळी पडते. म्हणून १९३० नंतर अमेरिकेत निर्वात पेटीत ॲल्युमिनियमची वाफ करून ती आरशावर बसवायला सुरुवात झाली. माउंट विल्सनच्या १०० इंची दुर्बिणीच्या आरशाला १९३५ साली असा मुलामा दिला. हाच थर अगदी विरळ दिला, तर तो निम्माशिम्मा आरसा आणि निम्मीशिम्मी काच होतो. १९६० नंतरच्या दशकात प्लॅस्टिकच्या पातळ पापुद्र्यावर असा धातूचा मुलामा देऊन तो खिडकीला चिकटवण्याचा धंदा अमेरिकेत सुरू झाला. चांद्रवीरांच्या शिरस्त्राणाला पुढून सोन्याचा मुलामा होता, तो शोभेसाठी नव्हे: सोने उष्ण किरण परतवते आणि थोडा उजेड आत सोडते. कॅनडात टोरांटोला एका बँकेच्या मनोऱ्याच्या तावदानांना १९७० नंतरच्या दशकात सुमारे २,५०० औंस सोने लागले. बँकच ती, तिला परवडले. आजच्या चांगल्या काचेत चांदीचे थर असतात, एकेक थर केसाहून काही हजार पटींनी पातळ. ते दिसत नाहीत. हर्शेलच्या मेजावर तांबड्यापलीकडे जे कोरे दिसत होते, नेमके तेच ते परत पाठवतात.

गडद म्हणजे थंड ही समजूत मात्र अजून जात नाही. मोटारीला काळे कागद चिकटवले की आत गारवा, असे लोक धरून चालत. आपल्या सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली मोटारींवरच्या काळ्या पापुद्र्यांना बंदी केली ती सुरक्षिततेसाठी. पण उष्णतेच्या हिशेबानेही नुसता काळेपणा फारसा कामाचा नाही. काळा पापुद्रा उजेड खातो आणि स्वतः तापतो.

काच झाली, आता पुन्हा छपराकडे वळू. चुन्यानंतर पांढऱ्या रंगात मोठा मान होता तो शिशाच्या सफेत्याला. तो विषारी. रंगाऱ्यांची पोटे बिघडत, हातपाय लुळे पडत. १९२१ साली आंतरराष्ट्रीय श्रमिक परिषदेने त्याच्या वापराला आळा घालणारा करार केला. त्याची जागा घेतली टिटॅनियमच्या भस्माने. या धातूचा माग प्रथम विल्यम ग्रेगर या इंग्लंडातल्या कॉर्नवॉल परगण्यातील पाद्र्याला १७९१ मध्ये लागला, ओढ्यातल्या काळ्या वाळूत. तसलीच इल्मेनाइटची काळी वाळू केरळच्या किनाऱ्यावर विपुल आहे, आणि आपल्या रत्नागिरीच्या किनाऱ्यावरही आहे. मालगुंड-गणपतीपुळ्याकडे लाटेने ओढलेल्या काळ्या रेघा ज्यांनी पाहिल्या असतील, त्यांनी पांढऱ्या रंगाची खाण पाहिली आहे. आजचा सर्वांत प्रचलित पांढरा रंग निघतो तो असल्या काळ्या वाळूतून!

टिटॅनियमलाही एक खोड आहे. ते अतिनील किरण गिळते. म्हणून अमेरिकेच्या पर्ड्यू विद्यापीठात शियुलिन रुआन आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी दुसरे द्रव्य शोधले. २०२० साली त्यांनी जो रंग केला, तो ९५.५ टक्के ऊन परतवी. त्यात होते काय? कॅल्शियम कार्बोनेट. भिंतीवर दिलेला चुना हवा पिऊन शेवटी जे होतो, तेच! अर्थात कण नेमके बारीक केलेले, आणि राळेत बसवलेले. पुढल्याच वर्षी बेरियम सल्फेट वापरून त्यांनी ९८.१ टक्क्यांपर्यंत मजल मारली.

एवढा पांढरा पृष्ठभाग भर उन्हात भोवतालच्या हवेपेक्षाही थंड राहतो. हे ऐकून कोणी म्हणेल, काहीतरीच! पण याचे मूळ आपल्याच देशात आहे. रॉबर्ट बार्कर नावाच्या इंग्रजाने १७७५ साली रॉयल सोसायटीला प्रयागचा बर्फ कसा करतात ते लिहून कळवले. उघड्या माळावर उथळ खड्डे खणायचे, त्यांत उसाची चिपाडे किंवा मक्याची वाळलेली ताटे अंथरायची, त्यांवर मातीच्या पसरट, सच्छिद्र थाळ्या ठेवून उकळून निववलेले पाणी ओतायचे. स्वच्छ आकाशाच्या, वारा पडलेल्या थंडीच्या रात्री पहाटेपर्यंत बर्फ! हवा मात्र गोठण्याइतकी गार नसे. १८१४ साली डॉक्टर वेल्स यांनी दवावरच्या निबंधात अशा गोष्टींचे कारण उलगडले. प्रत्येक वस्तू आपली ऊब किरणांनी आकाशात टाकत असते, आणि आकाश निरभ्र असेल तर ती परत येत नाही. खालून चिपाडे जमिनीची ऊब अडवतात, वरून थाळी आपली ऊब आभाळात ओतते.

प्रयागच्या त्या अनाम बर्फवाल्यांचे काम रात्रीपुरते होते, कारण दिवसा ऊन ओतली जाणारी ऊब भरून काढी. २०१४ साली स्टॅनफर्ड विद्यापीठात आस्वथ रामन, शानहुइ फान आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी चांदीवर पातळ थर रचून असा पत्रा केला, की तो ९७ टक्के ऊन परतवी आणि आपली ऊब आकाशात सोडी. लख्ख उन्हात तो हवेपेक्षा जवळजवळ ५ अंश सेल्सियस थंड राहिला. वीज नाही, पाणी नाही.

हे प्रयोगशाळेत ठीक, घराचे काय? अहमदाबादेत २०१० च्या मे महिन्यात पारा ४६.८ अंशांवर गेला, आणि त्या एका महिन्यात नेहमीपेक्षा १,३४४ माणसे जास्त दगावली. पत्र्याच्या आणि सिमेंटच्या छपराखाली दिवसभर तापून रात्रीही न निवणाऱ्या खोल्यांत राहणारी कुटुंबे अशा वेळी सर्वांत आधी भाजून निघतात. २०१३ साली त्या शहराने उन्हाळ्याशी लढण्याची योजना आखली, आणि २०१७ पासून गरीब वस्त्यांच्या छपरांना चुना द्यायला आरंभ केला. तेलंगणाने २०२३ मध्ये थंड छपरांचे धोरणच जाहीर केले. पण चुन्याची मर्यादाही शिक्षकांनी मुलांना सांगावी. सिमेंटच्या गच्चीवर तो धरतो. गुळगुळीत पत्र्यावर पापुद्रे होऊन सुटतो, तिथे पत्र्यासाठी केलेला रंग लागतो. धूळ बसली, शेवाळ धरले, की पांढरे करडे होते आणि फायदा उतरत जातो.

स्पेनच्या दक्षिणेला आल्मेरिया म्हणून भाजीपाल्याचा मुलूख आहे. पंचवीस हजार हेक्टरांहून अधिक जमीन प्लॅस्टिकच्या छपरांखाली. तिथले शेतकरी उन्हाळ्यात या छपरांवर पांढरीचा फवारा मारतात, अगदी जुन्या माळ्यांसारखा. २००८ साली छापलेल्या एका अभ्यासात असे दिसले, की १९८३ ते २००६ या काळात त्या भागातली हवा दर दशकाला सुमारे ०.३ अंशाने थंड होत गेली. भोवतालचा प्रदेश मात्र तापत होता. शेतकऱ्यांचा तसा काही हेतू नव्हता. त्यांना फक्त रोपे जगवायची होती. पावसाळी दिवस जवळ आले आणि पिकाला ऊन हवेसे झाले, की ते पाणी मारून सगळा चुना धुऊन काढतात. आपल्याकडे हे धुण्याचे काम मृग आणि आर्द्रा फुकट करतात. कुंचा आणि बादली मात्र दर फाल्गुनात पुन्हा बाहेर काढावी लागते.